उजवी बाही

४ जून १९५७

ती. दादास,
शि. सा. न. वि. वि.

पोचले. पत्र्याची पेटी, ट्रॉम्बोन आणि मी, तिघंही धडधाकट. गाडीत समोरच्या बाईंनी ट्रॉम्बोनच्या खोक्याकडे बघून आत शिवणयंत्र आहे का म्हणून विचारलं. शिंप्याच्या घरातून निघालेली मुलगी, म्हटलं हो. पुढचे चार तास त्या मला गळ्याच्या शिलाईविषयी सल्ला विचारत होत्या आणि मी बेधडक देत होते. देव त्यांच्या गळ्यांचं भलं करो.

बँडमास्तरांनी मला ठेवून घेतलं आहे. सतरा जणांचा ताफा आहे. पुढच्या रांगेत पाच सॅक्सोफोन, मधे आम्ही चार ट्रॉम्बोन, मागे चार ट्रम्पेट, आणि कडेला पियानो, गिटार, बास, ड्रम. आम्हा चौघांत मी तिसऱ्या खुर्चीवर. त्यामुळे इथे मला नावाने कोणी हाक मारत नाही, सगळे ‘तिसरी’ म्हणतात. तुझ्या ‘बुटकी’पेक्षा बरंच आहे म्हणायचं.

अण्णा अजून गप्पच असतील. त्या दिवसाचं मला राहून राहून आठवतं आणि तळपायाची आग मस्तकात जाते. मी जाते म्हटल्यावर ओरडले असते तरी चाललं असतं. पण त्यांनी गळ्यातली टेप काढली, मला कापणीच्या टेबलाशी उभं केलं, खांद्यापासून मनगटापर्यंत माप घेतलं आणि तुझ्यादेखत सांगितलं की बाही साडेवीस इंच. आगीच्या बंबवाल्यांच्या बँडचे गणवेश मीच शिवतो, वहीत ट्रॉम्बोनवाल्या एकाचीही बाही तेवीसच्या खाली नाही, तेव्हा हे वाद्य तुझं नव्हे. झालं, निकाल लागला. मग मला हात पुढे ताणून धरायला लावून पुन्हा एकदा टेप लावली, ते बहुधा सवयीने. त्यावर काहीच बोलले नाहीत. वहीत लिहिलं आणि काजं करायला बसले.

मला वाजवायला शिकवणारे बंबवाले काका कधी असं म्हणाले नाहीत. ते म्हणायचे, हाताने सरकवायची नळी शेवटपर्यंत पोचत नसेल तर तू पोच. मी पोचणार आहे. अण्णांना सांग किंवा सांगू नकोस, तुझी मर्जी.

तुझा लोभ आहेच, तो जपून ठेव. जमल्यास अण्णांकडचाही थोडा चोरून पाठव.

तुझी,
बुटकी

१९ जून १९५७

चि. बुटकीस,
अ. उ. आ.

पत्र पावलं. मोठ्याने वाचलं, म्हणजे भिंतीपलीकडे काजं करणाऱ्या माणसालाही ऐकू जाईल इतक्या मोठ्याने. पलीकडे काजं चालूच राहिली. मात्र तुझ्या मापांचं पान वहीत तसंच आहे. गिऱ्हाईक तुटलं की अण्णा त्याचं पान फाडतात, हे तुला ठाऊक आहे. तुझं फाडलेलं नाही. मी बघून खात्री केली, पान उलटायला मात्र त्यांनी दिलं नाही.

तू चिडशील, पण खरं सांगतो, मला अण्णांचं पटलं होतं. मी लेथवर काम करणारा माणूस. ज्या कामाला जेवढी लांबी लागते तेवढी लागते, तिथे जिद्दीला कोणी विचारत नाही. आपली आई गेली त्याला वर्षही पुरतं झालेलं नाही, आणि तू हात आखूड पडेल असं काम निवडून घर सोडलंस. राग येतो तुझा. जेवताना तुझी जागा रिकामी दिसते तेव्हा जास्तच येतो.

तरी एक विचारतो. त्या नळीला दोरी बांधली, बोटात अडकवली आणि नळी पुढे फेकली तर? परत ओढून घेता येईल. हसू नकोस, उत्तर लिही.

तब्येतीला जप, आणि आम्हाला विसरायचं असेल तर आधी तसं कळव, म्हणजे आम्ही तयारीत राहू.

तुझा,
दादा

२ मार्च १९६१

ती. दादास,
शि. सा. न. वि. वि.

दोरी चार वर्षं वापरून बघितली. एकदा सुटली आणि नळी थेट समोरच्या सॅक्सोफोनवाल्याच्या मानेवर बसली. तो बिचारा चांगला माणूस आहे, फक्त आता खुर्ची पुढे सरकवून बसतो आणि मी उठले की डोकं खाली घालतो.

कामाचं म्हणशील तर जोरात आहे. गेल्या वर्षात आम्ही एकतीस गावं केली. मी आता चांगली वाजवते, हे स्वतःच सांगावं लागतं कारण तिसऱ्या खुर्चीचं कौतुक कोणी करत नाही. एकट्याने वाजवायचं ते पहिल्याने आणि दुसऱ्याने, तळ धरायचा तो चौथ्याने. तिसरीने मधे भरत राहायचं, शिवणीतल्या अस्तरासारखं. ते नसलं की मगच कळतं. सूर दाबायला आम्ही तुंबलेल्या मोरीवर मारायचा रबरी पंप वापरतो, दांडा काढून टाकलेला. ट्रॉम्बोनच्या तोंडावर तो उघडझाप केला की वाद्य माणसासारखं कुरकुरतं. अण्णांना हे सांगू नकोस, नाहीतर म्हणतील शेवटी मोरीच साफ करायला गेली.

आता अडचण सांगते. नळी सात ठिकाणी थांबते. सातवं ठिकाण सगळ्यात लांब, आणि तिथे माझा हात चार बोटं कमी पडतो. अंगठ्याने दाबायची कळ असलेला ट्रॉम्बोन मी घेतला, त्यामुळे खालचे सूर जवळच्या जवळ मिळतात. पण आमची सलामीची धून सुरू होते तीच मींडीने. चौघांनी उभं राहायचं, नळ्या पूर्ण बाहेर, सातव्यापासून पहिल्यापर्यंत एकच अखंड सूर ओढत वर न्यायचा. ही मींड कळीने होत नाही, त्याला हातच पाहिजे. मी सहाव्या ठिकाणापासून सुरुवात करते, अर्धा श्वास उशिरा, म्हणजे पुढे बाकीच्यांना गाठता येतं. मास्तरांना माहीत आहे. ते त्या क्षणी मुद्दाम ट्रम्पेटकडे बघतात. त्यांची ही दया मला नको आहे, दादा. रोज संध्याकाळी कार्यक्रमाची सुरुवातच खोटेपणाने करायची म्हणजे अंगावर काटा येतो.

तू लेथवरचा ना? मग दोरीच्या पुढचं काहीतरी काढ.

वहिनीला नमस्कार. दोघांचा लोभ इकडे येऊ दे, वाटखर्च मी देईन.

तुझी,
बुटकी

२८ मे १९६१

चि. बुटकीस,
अ. उ. आ.

सोबतच्या डब्यात पितळेची मूठ आहे. तू पाठवलेल्या आकृतीवरून केली. नळीच्या आडव्या दांडीला पेचाने बसव. बिजागरी आहे, त्यामुळे जवळच्या ठिकाणांना ती दुमडून राहील आणि सातव्याला उघडेल. तुझा हात जिथे संपतो तिथून पुढचे पाच इंच माझे. बिजागरी तीनदा मोडून पुन्हा केली. फोरमनने विचारलं की कोणत्या मशिनचा भाग आहे. म्हणालो, बहिणीचा.

अण्णांनी ती जेवणाच्या टेबलावर बघितली. कसली मूठ म्हणाले. मी छत्रीची म्हणालो. त्यांनी उघडझाप करून बघितली, एवढी लांब छत्री कुणाला लागते असं म्हणाले आणि खाली ठेवली. थोड्या वेळाने बघतो तर पुसून लख्ख केलेली.

तू घरी येतेस तेव्हा ते हवेवर बोलतात, गुडघ्यावर बोलतात, गिऱ्हाइकांच्या पोटांच्या घेरावर बोलतात, पण तुझ्या कामाचं नाव काढत नाहीत. मला वाटायचं विसरले असतील. आता वाटतं, माणूस इतक्या काळजीने विसरत नाही.

मूठ बसली की कळव. नाही बसली तर जास्त लवकर कळव. आणि माया कमी झाली असं वाटलं तर त्या पेचावर दोष टाक, माझ्यावर नको.

तुझा,
दादा

१५ सप्टेंबर १९८४

ती. दादास,
शि. सा. न. वि. वि.

तुझ्या मुठीने तेवीस वर्षं चाकरी केली. दोनदा पेच बदलले, बिजागरी पहिलीच आहे. आज ती काढावी लागली, म्हणून हे पत्र.

मास्तर निवृत्त झाल्याचं मागे लिहिलंच होतं. नवे मास्तर हुशार आहेत, कान तीक्ष्ण आहे, आणि त्यांना बँड दिसायलाही चोख हवा आहे. मागच्या आठवड्यात ते हॉलच्या शेवटच्या रांगेत जाऊन बसले आणि सलामीची धून बघितली. ऐकली म्हणत नाही मी. नंतर सगळ्यांसमोर मला विचारलं की हे वाद्य आहे की पाण्याचा हातपंप. मूठ चालणार नाही. वीस ऑक्टोबरला हंगामाचा पहिला कार्यक्रम आहे. त्या दिवशी चार नळ्या एकसारख्या बाहेर आल्या पाहिजेत, मुठीशिवाय, नाहीतर तिसरी खुर्ची दुसऱ्याला. माणूस बघून ठेवलेला आहे असंही कळलं.

खोलीत आल्यावर दार लावलं, मूठ काढली आणि नुसत्या पोलक्यावर उभी राहिले. खांदा जितका पुढे लोटता येईल तितका लोटला आणि नळी बोटांच्या टोकांवर घेतली. दादा, पोचली. दहादा केलं, दहाही वेळा पोचली. सत्तावीस वर्षं रोज ताणून खांदा सैल झाला असेल. आनंदाने पलंगावर बसून रडले मी, हे तुला सांगायला लाज वाटत नाही.

पण पुढचं ऐक. नवे गणवेश आलेत. कंत्राटदाराने शिवलेले कोट, जाड कापड, खांद्यात भरलेला कापूस. तो अंगात घातला की हात पुढे काढताना सगळा कोट मला मागे ओढतो. दोन बोटं कमी पडतात. दहाही वेळा. बिनकोटाची वाजवते म्हटलं, तर नवे मास्तर म्हणाले बिनकोटाचं स्टेजवर कोणी येणार नाही. मी म्हटलं, खुर्ची काढायची असेल तर माझ्यासकट उचलून न्या, मी आपणहून उठणार नाही. म्हटलं खरं. ते नेतीलही, पण मी चालत जाणार नाही एवढं नक्की. चव्वेचाळिसाव्या वर्षी मला शिंप्याच्या टेपने दुसऱ्यांदा बाहेर काढता येणार नाही.

तुला उगाच त्रास, पण कुणाशी भांडावं अशी वेळ आली की मला आधी तूच आठवतोस. यालाच लोभ म्हणतात, तो चालू ठेव.

तुझी,
बुटकी

२२ सप्टेंबर १९८४

चि. बुटकीस,
अ. उ. आ.

पत्र तुझ्या वहिनीला वाचून दाखवत होतो. आतल्या खोलीत अण्णा इस्त्री करत होते. पत्रात कंत्राटदाराच्या कोटाचं आलं तशी इस्त्री थांबली. मग दारात येऊन उभे राहिले. सत्याहत्तर वर्षांचं वय, हातात गरम इस्त्री. मी वाचायचा थांबलो, तर पुढे वाच म्हणाले. शेवटचं टेपचं वाक्य मी गाळणार होतो, पण वहिनीने डोळे वटारले, म्हणून तेही वाचलं.

मग विचारलं, बगल खोल कापलेली आहे का? मला काय कळतंय. तेच सांगायला लागले, आणि बुटके, इतकं सलग मी त्यांना वर्षानुवर्षांत ऐकलं नव्हतं. म्हणाले, या कंत्राटवाल्यांना वाटतं की बगल खोल कापली की हात मोकळा होतो. उलट असतं. बगल खाली गेली की हातामागे अख्खा कोट निघतो. बगल वर घ्यायची आणि खाली चौबगला घालायचा, म्हणजे कापडाचा चौकोनी तुकडा, मग हात जातो आणि कोट जागेवर राहतो. बंबवाल्यांना शिडीवर चढायचं असतं, त्यांचे कोट काय मी उगाच शिवले का, असंही मला सुनावलं, जणू मीच तो कंत्राटदार.

कोट लगेच पाठव, तेच कापड राहील, बाहेरून कळणार नाही, असा निरोप आहे. आणि माळ्यावरून जुनी वही काढायला लावली. सत्तावन्न सालची. मी फडक्याने पुसून दिली, ती घेऊन ते खिडकीशी गेले आणि माझ्याकडे पाठ करून वाचत बसले.

भांडायला मी आहेच. पण या खेपेला आपल्या बाजूने एक जास्त आहे असं दिसतं.

तुझा,
दादा

११ ऑक्टोबर १९८४

ती. दादास,
शि. सा. न. वि. वि.

कोट आज दुपारी मिळाला. अण्णांना हे पत्र वाचून दाखवू नकोस. मोठ्याने तर मुळीच नको.

खोका उघडला तेव्हा हॉलच्या कपडे बदलायच्या खोलीत आम्ही सगळे होतो. माझं वाद्य अजून बाहेर पेटीत होतं. घाईने कोट चढवला आणि अण्णांनी प्रत्येक गिऱ्हाइकाला आयुष्यभर सांगितलं तशी आरशासमोर सरळ, हात सोडून उभी राहिले. डावी बाही मनगटावर बरोबर. उजवी बोटांच्या पेरांपर्यंत खाली. दीड इंच तरी जास्त. पहिल्या खुर्चीवाला हसला आणि म्हणाला की तिसरीला एक हात उसना मिळाला वाटतं. त्याला मी असं झापलं की तो रबरी पंप घेऊन बाहेर गेला. पण त्याचं काय चुकलं? दिसत होतंच तसं.

दादा, साठ वर्षं ज्या माणसाची एक बाही चुकली नाही, त्याच्या दोन बाह्या सारख्या होईनात. त्यांची नजर गेली आहे आणि आपल्याला कळलं नाही. मी कोट काढून घडी करून ठेवला. पुन्हा अंगात घालायचा धीर होईना. मला कोटाचं दुःख नाही, कोट गेला खड्ड्यात. सत्तावीस वर्षांनी त्यांनी माझ्या कामाला हात लावला आणि तोच हात थकलेला निघाला, हे मला सोसत नाही.

इथल्या चौकात एक शिंपी आहे. उद्या सकाळी त्याच्याकडून उजवी बाही कापून डावीएवढी करून घेते. अण्णांना सांग की कोट उत्तम बसला. आयुष्यात एवढं एक खोटं आपण दोघं मिळून बोलू.

डोळ्यांच्या डॉक्टरकडे त्यांना काहीतरी निमित्त काढून ने. माझ्यासाठी नाही, त्यांच्यासाठी लोभ ठेव.

तुझी,
बुटकी

६ ऑक्टोबर १९८४

चि. तिसरीस,
आशीर्वाद.

हे पत्र कोटाच्या डाव्या आतल्या खिशात ठेवतो आहे. तो खिसा कंत्राटदाराने दिला नव्हता, मी लावला आहे.

कोट पूर्ण उसवला. कंत्राटी काम, त्यावर जास्त लिहीत नाही. दोन्ही बगला दीड इंच वर घेतल्या. चौबगला आतल्या पट्टीच्या कापडाचा घातला आहे. खांद्यातला कापूस काढून टाकला, तुला खांदे आहेत.

उजवी बाही डावीहून दीड इंच लांब आहे. तू आधी आरशासमोर हात सोडून उभी राहशील आणि म्हणशील की म्हाताऱ्याचं चुकलं. तसं उभं राहायला मीच शिकवलं आहे. पण तुझं काम हात सोडून नसतं. हात ताणला की बाही वर चढते. हा कोट हात पुढे असताना मनगटावर येईल असा कापला आहे. बाहीला कात्री लावू नये.

माप कुठून घेतलं म्हणशील. सत्तावन्न सालच्या वहीतून. सतराव्या वर्षानंतर हाताचं हाड वाढत नाही. त्या दिवशी मी दोन मापं घेतली होती. एक हात सोडून, साडेवीस. ते तुला सांगितलं. दुसरं हात ताणून, खांद्यासकट, सव्वातेवीस. ते तुला सांगितलं नाही. पानाच्या मागच्या बाजूला लिहून ठेवलं.

माझं माप चुकलं नव्हतं. मी अर्धं सांगितलं. तुझी आई जाऊन तेव्हा वर्ष झालेलं नव्हतं. घरात तीन माणसं उरली होती. त्यातलं एक माझ्या टेपने कमी होईल, असं माप मला मोठ्याने वाचवेना. वाटलं, साडेवीस ऐकून थांबशील. तू थांबली नाहीस. तू गेल्याचा राग आला होता. थांबली नाहीस याचा कधी आला नाही.

तू पोचत होतीस. पहिल्या दिवसापासून पोचत होतीस. मला ठाऊक होतं.

इस्त्री करताना वर ओलं फडकं घाल. लोभ कमी कधी नव्हता. बोलायचा राहिला.

तुझे,
अण्णा

२२ ऑक्टोबर १९८४

ती. अण्णांस,
साष्टांग नमस्कार. कोटासकट.

आधी गुन्हा कबूल करते. मी कोट कापायला नेला होता. इथला शिंपी तुमच्याहून वीस वर्षांनी लहान असेल. त्याने कात्री घेतली, बाही उलटी करायला कोटाची आतली बाजू बाहेर काढली आणि कात्री खाली ठेवली. बगलेतली शिलाई बोटाने चाचपत राहिला. मग मला म्हणाला की ज्याने हा चौबगला बसवला त्याला विचारल्याशिवाय मी याला हात लावणार नाही, आणि तुमचं काही खिशात राहिलंय. असं ते पत्र माझ्या हातात आलं. त्याच्या दुकानातल्या स्टुलावर बसून वाचलं. त्याने पाणी दिलं आणि काही विचारलं नाही. शिंपी लोक तुम्ही सगळे एकाच मातीचे, नको तेव्हा गप्प बसता आणि हवं तेव्हाही.

अण्णा, मला तुमचा राग आला. लपवत नाही. सत्तावीस वर्षं मी चार बोटं कमी आहे असं समजून वाजवलं. दोऱ्या बांधल्या, मुठी लावल्या, सहाव्या ठिकाणावरून चोरासारखी सुरुवात केली. पानाच्या मागे सव्वातेवीस लिहिलेले आहेत हे कळलं असतं तर मी पहिल्याच वर्षी खांदा पुढे लोटला असता. शिंप्याच्या दारातून हॉलपर्यंत मी तुमच्याशी मनात कडाडून भांडले. मग हॉलमध्ये कोट घातला, ट्रॉम्बोन हातात घेतला आणि हात ताणला. बाही मनगटावर आली. बरोबर हाडावर, सूतभर इकडे नाही, तिकडे नाही. माझं भांडण तिथेच अर्धं संपलं. अर्धं मी घरी येऊन करणार आहे, तयारीत राहा.

आता वीस तारखेचं सांगते. स्टेजवर जाण्याआधी नव्या मास्तरांनी आम्हाला ओळीत उभं करून गणवेश तपासले. माझ्यापाशी थांबले. बाही बोटांवर आलेली. म्हणाले, ही काय शोभा, दुमडून घ्या. मी म्हटलं, दुमडणार नाही. मी उभी राहून वाजवायला आले आहे, हात सोडून उभं राहायला नाही, तुम्ही शेवटच्या रांगेतून बघा आणि मग बोला. पुढच्या सॅक्सोफोनवाल्याने सवयीने डोकं खाली घातलं.

दिवे लागले. चौघं उठलो. मास्तरांनी हात खाली आणला आणि चार नळ्या बाहेर गेल्या. माझी सातव्यावर, बोटांच्या टोकांवर, पूर्ण. खांदा गेला आणि कोट जागेवर राहिला. कोणीही मला मागे ओढत नव्हतं, अण्णा. तळापासून वरपर्यंत तो सूर मी बाकीच्यांबरोबर नेला. पहिल्याच क्षणापासून, अर्धा श्वास उशिरा नाही. आणि ऐन मींडीत माझ्या डावीकडून टर्र असा आवाज आला. पहिल्या खुर्चीवाल्याचा कंत्राटी कोट बगलेत फाटला. मला एक हात उसना मिळाला म्हणणाऱ्याला उरलेला कार्यक्रम कोपर अंगाशी चिकटवून वाजवावा लागला. मी हसले नाही. नंतर खोलीत हसले.

तिसरी खुर्ची माझी आहे. मास्तरांनी तसं तोंडाने म्हटलं नाही, फक्त पुढच्या कार्यक्रमाचे कागद माझ्या स्टँडवर ठेवले. थोड्या वेळाने परत येऊन विचारलं की हा शिंपी कोण, बाकीच्या तिघांचेही कोट त्याच्याकडून करून घेता येतील का. मी म्हटलं, ते माझे वडील आहेत आणि ते आधी माप घेतात, हात ताणून. तुम्ही स्वतः पत्र लिहून विनंती करा. त्यात पाण्याच्या हातपंपाबद्दलही दोन शब्द लिहा, कारण ती मूठ माझ्या भावाने केलेली आहे. लिहीन म्हणाले. पत्र आलं तर लगेच हो म्हणू नका, आठवडाभर ताटकळत ठेवा. दादाला सांगा, मूठ मी फेकलेली नाही. माझ्या कपाटाच्या दाराला लावली आहे आणि रोज तिलाच धरून दार उघडते.

सोबत फोटो आहे. कार्यक्रम संपल्यावर सगळ्यांना स्टेजवर उभं करून काढला. फोटोवाला म्हणाला, हात खाली सोडा, सरळ उभे राहा. सोळा जणांनी सोडले. मी नाही सोडला. दोनदा सांगून झालं, मास्तरांनीही खूण केली, पण मी हात पुढे ताणून तशीच उभी राहिले. म्हणून फोटोत माझ्या दोन्ही बाह्या बरोबर दिसतात आणि बाकी सगळा बँड माझ्याकडे वळून बघतो आहे.

वहीचं ते पान काढा. मागच्या बाजूचं माप पुढच्या बाजूला लिहा, तारीख घाला, आणि मोठ्याने वाचा. दादा तिथेच असेल, त्यालाही ऐकू द्या.

तुमची,
तिसरी